ताहेरभाईंचं रिठ्याचं पाणी

अकोटात ताहेरभाईंचं घर विचारलं, तर कोणी गल्लीचं नाव सांगत नाही. "थे रिठ्याचं झाड दिसून राहिलं ना, त्याच्या खाली," एवढंच सांगतात. झाड लांबूनच दिसतं. तीन घरांच्या टिनांवर त्याची सावली पडते आणि माघ-फाल्गुनात त्याच तीन टिनांवर दिवसभर रिठे टपटपत राहतात. थंडीत फुलोरा आला की मधमाश्यांचा असा गुंजारव सुटतो, की नव्या माणसाला वाटावं जवळपास पिठाची गिरणी चालू आहे.

झाड लावलं ताहेरभाईंच्या आजोबांनी. सातपुड्याच्या पायथ्याच्या गावांमधून बैलगाडीनं रिठे आणायचे आणि अकोटच्या सोनारांना द्यायचे, हा त्यांचा उद्योग. एका खेपेला पोत्यांसोबत ओल्या गोणपाटात गुंडाळलेलं वीतभर रोपही आलं. पुढं ते झाड फळायला लागलं तेव्हा ताहेरभाईंच्या वडिलांना वाटलं, सोनारांना नुसते रिठे कशाला द्यायचे, दागिने आपणच उजळून द्यावे. तेव्हापासून घरात हाच धंदा.

ताहेरभाई आता एकसष्ट वर्षांचे. अंगानं किडकिडीत, पांढरी दाढी नीट कातरलेली आणि हात मात्र बायकांसारखे मऊ. चाळीस वर्षं रिठ्याच्या पाण्यात बुडालेले हात ते. बोटांची टोकं सुरकुतली, पण तळव्याला कधी भेग पडली नाही. त्यांची बायको खुर्शीदबी म्हणायची, "इनके हात देखके लोगां समझते, घरमें बर्तन यही मांजते!"

त्यांच्या निळ्या मोपेडला मागं एक लाकडी पेटी बांधलेली असायची. तीत रिठा भिजवायचे पितळेचे दोन गंज, मऊ केसांचे दोन ब्रश, मलमलचे फडके, खिशात मावेल एवढा तराजू आणि बिया काढून ठेवलेली रिठ्याची टरफलं. गावात शिरले की हाळी द्यायचे, "दागिना उजळून घ्या माय, दागिनाऽऽ!" लग्नसराईच्या आधी, पोळ्याच्या आधी, दिवाळीच्या आधी बायका वाटच पाहत असायच्या.

वडिलांनी धंदा शिकवताना एक गोष्ट पक्की केली होती. "सोनं दुसऱ्याचं, नजर तिसऱ्याची, हात तेवढा आपला." म्हणजे दागिना ज्या बाईचा, ती समोर बसलेली पाहिजे आणि तिच्या जोडीला शेजारपाजारचं आणखी कोणी तरी पाहिजे. दोघींच्या देखत दागिना तोलायचा, कोमट पाण्यात रिठा चोळून फेस काढायचा, त्यात दागिना भिजवायचा, ब्रशनं हलक्या हातानं घासायचा, साध्या पाण्यात खंगाळून टिपायचा आणि पुन्हा तोलून हातात द्यायचा. दागिना घेऊन कधी कोणाच्या घराचा उंबरा ओलांडायचा नाही, आत नाही आणि बाहेरही नाही. सोन्याच्या पोकळ मण्यांत लाख भरलेली असते. ते मणी गरम पाण्यात घातले की लाख वितळते आणि मणी चेपतात. मोत्यांचा दागिना पाण्यात ठेवायचाच नाही, फेसाचा फडका फिरवायचा. असल्या बारीकसारीक गोष्टी ताहेरभाईंना हातानंच ठाऊक होत्या. तोंडानं सांगायची वेळ कधी आली नव्हती.

दागिन्यांचं काम ताहेरभाईंचं. बाकी रिठ्याचा सगळा कारभार खुर्शीदबीकडे. सकाळी अंगण झाडताना ती रिठे सुपात गोळा करायची, उन्हात टाकायची, आणि गल्लीतल्या बायका वाट्या घेऊन यायच्या. कोणाच्या पोरीच्या डोक्यात उवा झालेल्या, कोणाला लोकरीची शाल धुवायची, कोणाच्या सासूचं रेशमी लुगडं पेटीत पडून मळलेलं. रिठ्यातली बी काळीभोर, गुळगुळीत, गोटीसारखी. तान्ह्या पोरांना दृष्ट लागू नये म्हणून ती दोऱ्यात ओवायला हिंदूच्याही बाया न्यायच्या आणि मुसलमानांच्याही. खुर्शीदबी प्रत्येकीला तेच दोन बोल ऐकवायची, "डोये गच्च मिटजो अन् तोंडात जाऊ देऊ नको. पोटात गेलं तं आतडे बाहेर येतीन." एकदा कोणी तरी साप चावलेल्या माणसासाठी रिठे मागायला आलं, जुन्या लोकांचा तसा समज असतो. ताहेरभाईंनी रिठे दिले नाहीत. मोपेड काढली आणि त्या माणसाला पाठीशी बांधून सरकारी दवाखान्यात नेलं. तो वाचला. पुढं तो रिठ्यानंच वाचला असं सांगत फिरला, तो भाग वेगळा.

मग दिवस पालटले. सोनारांच्या दुकानात मशिनी आल्या. दागिना डब्यात टाका, बटण दाबा, झालं. तरी गावांमधल्या बायका ताहेरभाईंना सोडत नव्हत्या. पण गेल्या काही वर्षांत दुसरंच संकट आलं. दागिने चमकवून देतो म्हणून सांगणारी भामट्यांची टोळकी फिरायला लागली. आधी फुकटात पितळेचा तांब्या चमकवून दाखवायचा, मग सोनं मागायचं, तेजाबात बुडवायचं, आणि हळदीच्या पाण्याच्या डब्यात घालून सांगायचं, "अर्ध्या घंट्यानं उघडा, बाई." बाई डबा उघडते तोवर अर्धं सोनं तेजाबात विरघळून भामट्यांसोबत पसार. त्यांचे व्हिडिओ घरोघरी मोबाइलवर पोचले. ताहेरभाईंनी हाळी दिली की दारं उघडायची ती आता लागायला लागली.

मुलगा शाकीब नांदगाव पेठेच्या एमआयडीसीत कापडाच्या कारखान्यात होता, बायकापोरांसह अमरावतीला राहायचा. तो फोनवर म्हणायचा, "अब्बा, बंद करा आता. कोनी ओळखत नाई तिथं काहून जाता?"

ताहेरभाई म्हणायचे, "अरे, ओळखत नाईत म्हनून तं जा लागते."

होळी होऊन आठ दिवस झाले होते. लग्नसराई तोंडावर होती. ताहेरभाई अकोटपासून वीसेक किलोमीटरवरच्या कुंभारखेड नावाच्या गावात शिरले. या गावात ते पाच-सहा वर्षांत आले नव्हते. पारावर मोपेड लावली, हाळी दिली. पहिली हाळी विरायच्या आत एक चोविसेक वर्षांचा पोरगा समोर येऊन उभा राहिला. हातात मोबाइल. नाव विपुल, गावातच ऑनलाइन फॉर्म भरून द्यायचं दुकान चालवायचा.

"काय करता तुमी?"

"दागिने उजळून देतो, भाऊ. रिठ्याच्या पान्यानं."

विपुलनं मोबाइलकडं पाहिलं, ताहेरभाईंकडं पाहिलं. मोबाइलमधल्या माणसालाही पांढरी दाढी होती. तेवढं पुरलं. त्यानं मोपेडची चावी काढून घेतली आणि ओरडला, "या रे! सापडला!"

गाव गोळा व्हायला किती वेळ लागतो? पाच मिनिटांत पाराभोवती पन्नास माणसं. कोणी पेटी उघडली, कोणी गंज उलटापालटा केला. ताहेरभाईंनी अकोटच्या ओळखीच्या सोनाराला लावायला फोन काढला, तर तोही हातातून गेला. नाव विचारलं. नाव सांगितल्यावर गर्दीतले दोन-चार आवाज आणखी चढले. एकानं गचांडी धरली. विपुल म्हणाला, "मारू नका, पोलिसाईले फोन केला म्या," पण तो आवाज मागच्यांपर्यंत पोचला नाही.

तेवढ्यात गर्दी फुटली आणि काठी टेकत एक म्हातारी पुढं आली. केशरबाई. विपुलची आजी, अठ्ठ्याहत्तर वर्षांची. मागच्या वर्षी भामट्यांनी जिला फसवलं ती हीच. तिची सोन्याची पोत गेली होती. म्हणजे पोत परत मिळाली, पण मणी नुसते पापुद्रे झालेले. ती तिच्या मायनं दिलेली पोत होती. घरात कोणी तिला वावगं बोललं नाही. पण आपल्याच हातानं दिली, ही गोष्ट तिच्या मनातून जात नव्हती. तेव्हापासून ती लग्नाकार्याला जायची बंद झाली होती.

"माह्या पोतीचं सोनं कोठी हाय?" ती म्हणाली. "सांग! माह्या मायच्या पोतीचं सोनं कोठी विकलं?"

ताहेरभाई म्हणाले, "माय, मी थो नाई. माह्याजवळ तेजाब नाई. हा साधा रिठा हाय. हात घालून पाहा."

त्यांनी सकाळी एका बाटलीत रिठ्याचं दाट पाणी काढून आणलं होतं. ते गढूळ, तांबूस पाणी पाहून लोक दोन पावलं मागं सरले. हात घालायला कोणी पुढं येईना.

"हात कायले घालाचा?" मागून कोणी तरी म्हणालं. "खरा असशीन तं तूच पी!"

"पी! पी!" सगळ्यांनीच उचलून धरलं.

रिठ्याचं पाणी पोटात गेलं की काय होतं, हे ताहेरभाईंना ठाऊक नव्हतं असं नाही. ते तर घरातलं पोरगंही जाणत होतं. पण गचांडीची पकड घट्ट होत होती, समोरच्या एकाच्या हातात तुऱ्हाटीची वाळकी काडी नव्हती, चांगली बाभळीची काठी होती. त्यांनी एकदा आकाशाकडं पाहिलं, बिस्मिल्ला म्हटलं आणि बाटली तोंडाला लावून चार घोट घेतले.

कडूजहर. घशातून आग उतरत गेली. क्षणभर काही झालं नाही. मग पोटातून असा उमासा आला की ताहेरभाई पाराच्या कडेला ओणवे झाले. ओकारीवर ओकारी. तोंडाला फेस, नाकाला फेस. डोळ्यांतून पाण्याच्या धारा.

"अरे, तेजाब होतं ना बाप्पा!" कोणी तरी किंचाळलं. "मरते आता हा!"

आणि मघाशी पुढं पुढं करणारी माणसं झपाझप मागं सरायला लागली. ज्यानं गचांडी धरली होती तो तर दिसेनासाच झाला. विपुलच्या हातातली चावी खाली पडली. 'मेला तर आपल्या अंगावर येते,' एवढं प्रत्येकाच्या तोंडावर लिहिलेलं.

केशरबाई मात्र जागची हलली नाही. तिच्या नाकाला काही तरी वेगळंच जाणवलं होतं. ती वाकली, पडलेली बाटली उचलली, वास घेतला. तळहातावर थोडं पाणी ओतलं आणि दोन्ही हात एकमेकांवर चोळले. पांढराशुभ्र फेस आला, बोटांच्या फटींमधून वर आला आणि तसाच उभा राहिला.

"अवं माय!" ती म्हणाली. "हा तं रिठा हाय!"

तिचं माहेर सातपुड्याच्या पायथ्याचं. तिच्या धाकट्या भावानं लहानपणी धोतऱ्याच्या बिया खाल्ल्या होत्या, तेव्हा आजीनं त्याला हेच पाणी पाजून ओकायला लावलं होतं. सत्तर वर्षांपूर्वीचा तो वास तिला आता इथं पाराजवळ भेटला. तिनं काठी उगारली आणि गर्दीवर उलटली.

"पाहून काय राहिले रे नालायकहो? रिठ्यानं मानूस मरत नाई, ओकते! पोटात काई उरू देत नाई थो. ए विपुल, पानी आन! लिंबू आन, साखर आन! या मानसानं खरं सांगतलं अन् तुमी त्याले जहरासारखं पाजलं!"

पोलीस आले तेव्हा ताहेरभाई केशरबाईच्या ओसरीवर खाटेवर पडले होते आणि म्हातारी पदरानं वारा घालत होती. हवालदारानं आधारकार्ड पाहिलं, सोनाराला फोन लावला. सोनार पलीकडून इतक्या मोठ्यानं बोलला की ते सगळ्या ओसरीला ऐकू आलं. हवालदारानं गावकऱ्यांना दम भरला आणि ताहेरभाईंना विचारलं, "तक्रार द्यायची का?"

ताहेरभाईंनी खाटेवरूनच मान हलवली. नाही.

त्यांना भाकरी वाढली, ती गेली नाही. विपुलनं मोपेड पुसून दारात आणून लावली. तो काही तरी बोलायला पाहत होता, पण ताहेरभाईंनी त्याच्याकडं पाहिलंच नाही. राग नव्हता तो. लाज होती, आणि लाज वाटावी असं आपण काहीच केलं नाही, हे कळत असूनही ती जात नव्हती.

घरी आल्यावर त्यांनी पेटी माळ्यावर टाकली. खुर्शीदबीनं विचारलं, तर म्हणाले, "बस हो गया." दोन दिवसांनी सोनाराकडून तिला सगळं कळलं. मग ती रडली, मग भांडली, मग शाकीबला फोन करून बोलावून घेतलं. शाकीब आला तो रागानं धुमसतच. त्याला कुंभारखेडला जायचं होतं, तक्रार द्यायची होती. ताहेरभाई अंगणात बसून रिठे फोडत होते. त्यांनी एवढंच विचारलं, "तक्रारीत काय लिहिशीन? माह्या बापानं आपल्या हातानं रिठा पेला?" शाकीब शेजारी बसला. बराच वेळ त्यानंही रिठे फोडले.

पंधरा दिवसांनी, बाजाराच्या दिवशी, गल्लीत एक मोटारसायकल आली. पुढं विपुल, मागं केशरबाई, काठी आडवी धरलेली. झाडाचा पत्ता विचारत आले होते. विपुल दाराबाहेरच उभा राहिला. म्हातारी सरळ अंगणात आली, वर पाहत राहिली. झाडाला अजून रिठ्यांचे घोस लटकत होते.

"एवढं मोठं!" ती म्हणाली. "आमच्या माहेरचं थे तोडलं, रस्त्यात गेलं."

खुर्शीदबीनं तिला पाट दिला, पाणी दिलं. मग दाराकडं पाहून मोठ्यानं म्हणाली, "थो बाहेर कोन हाय? थोच का?"

"थोच," केशरबाई म्हणाली. "माहा नातू."

"ये, इकडे ये," खुर्शीदबीनं त्याला आत बोलावलं. तो आला. ती कमरेवर हात ठेवून उभी राहिली. "तुह्या आजीले लुबाडलं त्याचा राग आला तुले, बराबर हाय. मले बी आला असता. पन दाढी पाहून चोर ठरवाचा असीन, तं लेका तुह्या गावात पह्यले तुह्या आजोबालेच धर. त्याले नाई का दाढी?"

"व्हती," केशरबाई म्हणाली. "वारले थे."

खुर्शीदबी थबकली. मग केशरबाईच हसली आणि त्या हसण्यात विपुलनं खाली वाकून ताहेरभाईंच्या पायांना हात लावला. "चुकलं काका," म्हणाला. "आजीची पोत गेली तवापासून डोक्यात तेच व्हतं. म्या इचारलंच नाई काई." ताहेरभाईंनी त्याला खांद्याला धरून उठवलं. खुर्शीदबी चहा टाकायला आत गेली.

केशरबाईनं कमरेची पिशवी सोडली आणि कापडात बांधलेली पोत काढली. "मी कामाले आली हाय," ती म्हणाली. "हे उजळून दे."

ताहेरभाईंनी माळ्यावरून पेटी उतरवली. पोत तळहातावर घेतली आणि त्यांचा जीव गलबलला. तेजाबानं मण्यांची कडा न् कडा खाल्लेली. कोणी मुद्दाम कुरतडावं तशी. आतली लाख कुठं कुठं उघडी पडलेली. त्यांनी तराजू काढला, पण पोत तोलली नाही. तोलून काय करायचं होतं? कोमट नाही, थंडच पाणी घेतलं. त्यात रिठ्याचा फेस केला. ब्रश बाजूला ठेवला, बोटाच्या टोकानं एकेक मणी फेसातून काढत गेले. तासभर गेला. केशरबाई समोरून हलली नाही. खुर्शीदबी शेजारी येऊन बसली होती.

"माय, खरं सांगू का?" शेवटी ते म्हणाले. "यातलं गेलं थे आता कोनाच्याच बापाच्यानं येत नाई. मनी पातळ झाले. मधात काळे मनी घालून पटवेकऱ्याकडून नव्यानं गाठून घ्या, म्हंजे एकमेकावर घासनार नाईत. रोज घालू नका. पन घाला."

मणी मलमलच्या फडक्यावर पडले होते. काळवंडलेपण गेलं होतं. सोनं थोडं होतं, पण सोन्यासारखं दिसत होतं. केशरबाईनं फडक्यासकट ते उचलून डोळ्यांना लावलं आणि वर्षभर जे रडू तिनं दाबून ठेवलं होतं ते आलं. लहान पोरीसारखी हुंदके देऊन रडली. खुर्शीदबीनं तिची पाठ चोळली. दोघी एकमेकींना पहिल्यांदाच भेटत होत्या, पण तेव्हा तसं वाटलं नाही.

पटवेकरी चार गल्ल्या सोडूनच होता. "तूच देऊन दे त्याले, मी पुढच्या बाजारी घेऊन जाईन," केशरबाई म्हणाली. ताहेरभाईंनी दोन्ही हात मागं घेतले. "नाई माय. तुमी सोबत चला. तुमच्या हातानं द्या." मग ती दोघं पायीच गेली, काठी टेकत ती आणि तिच्या चालीनं चालत ते.

निघताना ती म्हणाली, "अक्षय तृतीयेच्या आधी गावात ये. बाया वाट पाहून राहिल्या."

ताहेरभाईंनी तिला मोटारसायकलवर बसायला हात दिला. त्या गावाचं नाव काढलं तरी अजून त्यांच्या घशात कडू यायचं.

पण त्या रात्रीपासून एक विचार त्यांच्या डोक्यात शिरला. पोतीचे ते कुरतडलेले मणी डोळ्यांसमोरून जात नव्हते. भामट्यांचं फावतं ते कशानं? दागिना कसा धुवायचा, हे बायांना ठाऊक नसतं म्हणून. आणि ठाऊक का नाही? तर आपल्या घराण्यानं कधी सांगितलं नाही म्हणून. त्यांनी खुर्शीदबीला तसं म्हटलं. ती भडकली. "सबको सिखा दोगे तो कौन बुलाएगा तुमको?"

"कोनी नाई," ताहेरभाई म्हणाले. "पन कोनाची पोत तं नाई जाईन."

दोन दिवस ती भांडी आपटत राहिली. तिसऱ्या दिवशी सकाळी तिनं निवडलेल्या रिठ्यांच्या पुड्या बांधायला घेतल्या.

कुंभारखेडला ते या वेळी एसटीनं गेले, आणि गाव दिसायला लागलं तशी त्यांनी पुड्यांची पिशवी मांडीवर घेतली. फाट्यावर विपुल उभा होता. पारावर नाही, केशरबाईच्या ओसरीवर बैठक होती. पंचवीसेक बाया, प्रत्येकीसमोर आपापली वाटी आणि आपापला दागिना. कोणाची जोडवी, कोणाचे तोरडे, कोणाची डोरली. ताहेरभाईंनी रिठ्याची टरफलं वाटली आणि उभ्या आयुष्यात पहिल्यांदा धंदा तोंडानं सांगायला लागले. सुरुवातीला जमेना. हात आपोआप वाटीकडं जायचे आणि शब्द मागं राहायचे. मग केशरबाईच म्हणाली, "तू करत जा, आमी पाहतो," आणि गाडी सुरू झाली. गरम पाणी कशाला चालत नाही, मोती कसा पुसायचा, जोडव्यांच्या खाचांतला मळ कसा काढायचा. "अन् कोनी म्हनलं डबा अर्ध्या घंट्यानं उघडा, तं डबा नाई, त्याचं थोबाड उघडा," ते म्हणाले, तेव्हा बाया खदखदून हसल्या. विपुल ते सगळं मोबाइलवर घेत होता. खऱ्या रिठ्याच्या पाण्याला फेस येतो आणि तेजाबाला धूर सुटतो, एवढं त्यानं वर लिहिलं आणि तालुकाभर पाठवून दिलं.

एका बाईची जोडवी काही केल्या उजळेनात. तिनं ती ताहेरभाईंपुढं सरकवली. त्यांनी दोन मिनिटांत लख्ख करून दिली.

"पाहा," ती कुरकुरली, "रिठा थोच, पानी थेच!"

"हात लागते, माय," ते म्हणाले. "चाळीस वर्षं द्या, येईन."

त्यानंतर बोलावणी यायला लागली. या वर्षी वैशाख सरेपर्यंत ताहेरभाई अकरा गावं फिरले. काही ठिकाणी बचत गटाच्या बाया बोलावतात, काही ठिकाणी एखादी जुनी ओळखीची मायच गावाला गोळा करते. धंदा पहिल्यासारखा राहिला नाही, हे खरं. घरी धुवायला शिकलेल्या बाया घरीच धुतात. पण मोठ्या कार्याच्या आधी, नाजूक कामाला, त्या त्यांनाच बोलावतात. रिठ्याच्या पुड्या खुर्शीदबी विकते, आणि गिऱ्हाइकाला डोळे मिटायचं अजूनही सांगते.

परवा अकोल्याकडच्या एका गावात बैठक संपली तेव्हा घरातली नवी सून, प्राजक्ता, भांडी आवरता आवरता त्यांना म्हणाली, "काका, तुमी आमाले सगळंच शिकवून टाकलं. मंग तुमचं काय?"

ताहेरभाईंनी फडका पिळला, दोरीवर टाकला आणि जरा विचार केला.

"मले," ते म्हणाले, "दुपारचं जेवन लागते."

तिनं पान वाढलं. ज्वारीची भाकर, मुगाचं वरण, अंबाडीची भाजी, कडेला मिरचीचा ठेचा. ताहेरभाई मांडी घालून बसले. दोन भाकरी झाल्या, तिसरी अर्धी झाली, मग त्यांनी ताटातून वर पाहिलं.

"सूनबाई," ते म्हणाले, "थोडा ठेचा अजून दे."